खेळांची छाटणी

ग्रंथांचें कपाट भरलें म्हणजे त्याच्या धन्यास, इच्छा असो वा नसो, टीकाकार व्हावें लागतें. जोंपर्यंत जागा असते तोंपर्यंत बरें-वाईट सारें शेजारीं-शेजारीं सुखानें नांदतें. जागा संपली कीं कोणतें ठेवावें व कोणतें काढावें हा प्रश्न उभा राहतो, आणि त्या वेळीं माणूस जें मत देतो तें सभेंत दिलेल्या मताहून पुष्कळ अधिक प्रामाणिक असतें. आज हा प्रसंग कपाटापेक्षां संगणकावर अधिक वेळां येतो. घरांतील एकुलत्या एका संगणकाची डिस्क भरते. जागा उरली नसल्याची सूचना पडद्यावर झळकूं लागते. मुलीचा प्रबंध, आईनें जपलेलीं लग्नकार्यांचीं छायाचित्रें, वडिलांचे प्राप्तिकराचे कागद, यांतलें कांहींच काढण्याजोगें नसतें. आणि मग सर्वांची दृष्टि एकदमच व्हिडिओ गेम्सकडे वळते.

या कामीं बहुतेक घरांत जी रीत चालते ती अगदीं सरळ आहे. संगणकावर बसविलेल्या सर्व वस्तूंची यादी काढावयाची, ती आकाराच्या क्रमानें लावावयाची, सर्वांत वरचें नांव निवडावयाचें व 'अनइन्स्टॉल' या शब्दावर बाण नेऊन कळ दाबावयाची. दीडशें गिगाबाइट घटकाभरांत मोकळे होतात व घरांत समाधान पसरतें. या रीतींत विचाराचा अंश फारसा नसतो, आणि येथेंच टीकेस अवकाश आहे. 'असल्या पोरखेळावर मासिकाचीं पानें खर्चीं घालण्याचें प्रयोजन काय?' असें कोणी विचारल्यास त्यास उत्तर एवढेंच कीं, ज्या कृतीपुढें घरांतलें मूल रोज तास-दोन तास बसतें, जी रचण्यास कधीं कधीं शेंकडों माणसें वर्षानुवर्षें खपतात, आणि कथा, चित्र, संगीत व अभिनय हे सारे जिच्यांत एकवटलेले असतात, ती ठेवावी कीं काढावी हा निर्णय पुस्तकाविषयींच्या निर्णयाहून हलका मानण्याचें कारण नाहीं. आकार हा या निर्णयाचा योग्य निकष आहे काय, आणि नसल्यास कोणते निकष योग्य, हें पाहण्याचा येथें विचार आहे.

आकाराचा प्रश्न नीट समजण्यास चाळीस वर्षें मागें गेलें पाहिजे. १९८५ सालीं जपानांतील निन्टेंडो कंपनीनें 'सुपर मारिओ ब्रदर्स' हा खेळ प्रसिद्ध केला. त्यांतील बत्तीस टप्पे, संगीत, शत्रु, किल्ले व नायक हें सारें मिळून ४० किलोबाइटांत मावलें होतें. आजच्या मोबाइलवर काढलेलें एक साधें छायाचित्रही याच्या कित्येक पट जागा घेतें. या खेळांतील आकाशांतले ढग व जमिनीवरचीं झुडपें यांची आकृति एकच आहे. रंग तेवढा पांढऱ्याचा हिरवा केलेला आहे. लाखों मुलांनीं तो खेळ वर्षानुवर्षें खेळला, आणि ढग व झुडूप यांचें हें सख्खें नातें बहुतेकांच्या ध्यानांतही आलें नाहीं. इंग्लंडांत त्याच्या आदल्याच वर्षीं डेव्हिड ब्रेबन व इयन बेल या दोन तरुण विद्यार्थ्यांनीं 'एलीट' हा अंतराळांतील व्यापाराचा खेळ रचला. ज्या बीबीसी मायक्रो यंत्रासाठीं तो रचला त्याची सारी स्मृति ३२ किलोबाइटांची. परंतु खेळांत आठ आकाशगंगा व प्रत्येकींत २५६ ग्रहमाला, म्हणजे एकूण २०४८ ग्रहमाला होत्या. त्यांचीं नांवें, स्थानें व राज्यपद्धति हीं एकेक करून कोठेंही लिहून ठेवलेलीं नव्हतीं. थोड्या मूळ अंकांवरून ठराविक गणितानें तीं हवीं तेव्हां नव्यानें काढलीं जात. बीं जपून ठेवावें व झाड लागेल तेव्हां उगवून घ्यावें, असा हा प्रकार होता. त्याच १९८४ सालीं मॉस्को येथें अलेक्सेय पाजित्नोव यांनीं 'टेट्रिस' रचला तो ज्या यंत्रावर, त्याला चित्र काढण्याची सोयच नव्हती. पडद्यावरचे ठोकळे कंसाच्या चिन्हांनीं दाखवावे लागले.

हा काटेकोरपणा त्या कर्त्यांच्या अंगच्या वैराग्यांतून आला असें समजणें भाबडेपणाचें होईल. त्याचें कारण व्यवहाराचें होतें. निन्टेंडोचे खेळ कार्ट्रिजमधील चिपवर भरून विकले जात. चिपची जागा वाढली कीं तिची किंमत वाढे, आणि ती किंमत प्रथम खेळ काढणाऱ्यास सोसावी लागे. अर्थात् प्रत्येक ढगाचा हिशेब कर्त्यास द्यावा लागे व म्हणूनच तो हिशेबी राही. पुढें खेळ सीडीवर आले, मग डीव्हीडीवर आले, आणि शेवटीं इंटरनेटवरून सरळ ग्राहकाच्या डिस्कवर उतरूं लागले. या प्रवासांत जागेचा बहुतेक भार कर्त्याच्या खांद्यावरून उतरून ग्राहकाच्या खांद्यावर आला. पूर्वींचा पाहुणा आपली वळकटी बरोबर घेऊन येई व कोपऱ्यांत पसरून निजे; आजचा पाहुणा सात ट्रंका घेऊन येतो आणि त्या ठेवण्यासाठीं घरच्यांनीं माळा रिकामा करावा अशी अपेक्षा करतो. २०२० सालीं निघालेल्या प्लेस्टेशन ५ या यंत्रांत ग्राहकाच्या उपयोगास येणारी जागा ६६७ गिगाबाइट होती. दीडशें गिगाबाइटांचे चार पाहुणे आले कीं पांचव्यास उंबऱ्याबाहेर उभें राहावें लागे.

या ट्रंकांत काय असतें हें उघडून पाहणें बोधप्रद आहे. २०१४ सालच्या 'टायटनफॉल' या खेळाची संगणकावरील आवृत्ति ४८ गिगाबाइटांची होती, व त्यांतले ३५ गिगाबाइट केवळ आवाजाचे होते. आवाज दाबून लहान करतां येतो. पण तसा केल्यास खेळतांना तो उलगडण्याचे श्रम संगणकास पडतात, आणि जुन्या, मंद यंत्रांवर ते पडूं नयेत म्हणून कर्त्यांनीं तो न दाबतांच ठेवला, असें त्यांनीं स्वतः सांगितलें. हेतु चांगला होता, यांत शंका नाहीं; परंतु दुबळ्यांच्या सोयीसाठीं सबळांच्याही घरांतली जागा अडली. दुसरें कारण याहून चमत्कारिक आहे. फिरत्या तबकडीच्या डिस्कवर वाचणाऱ्या सुईस एका जागेवरून दुसऱ्या जागीं जाण्यास वेळ लागतो. तो वांचावा म्हणून एकच वस्तु डिस्कवर अनेक ठिकाणीं लिहून ठेवतात, म्हणजे सुई कोठेंही असली तरी ती वस्तु जवळच सांपडते. सोनी कंपनीच्या नव्या यंत्राचे रचनाकार मार्क सर्नी यांनीं मार्च २०२० मधील व्याख्यानांत सांगितलें कीं, 'स्पायडरमॅन' या खेळांतील कांहीं सामग्री अशा रीतीनें डिस्कवर चारशें वेळां लिहिलेली असे.

ही युक्ति कोठें जाऊन पोंचते याचा उत्तम दाखला 'हेलडायव्हर्स २' या खेळानें दिला. फेब्रुवारी २०२४ मध्यें प्रसिद्ध झालेला हा स्वीडनमधील ॲरोहेड मंडळीचा खेळ संगणकावर फुगत फुगत सुमारें १५४ गिगाबाइटांपर्यंत गेला. 'सुपर मारिओ ब्रदर्स'च्या पस्तीस लाखांहून अधिक प्रती त्या जागेंत बसतील. डिसेंबर २०२५ मध्यें कर्त्यांनीं त्यांतील पुनरुक्ति काढलेली आवृत्ति चाचणीसाठीं खुली केली, ती निघाली अवघी २३ गिगाबाइटांची. एक पात्र गेलें नाहीं, एक शस्त्र गेलें नाहीं, एक भूप्रदेश गेला नाहीं. सुमारें १३१ गिगाबाइट गेले ते सारे नकलांचे. फिरत्या डिस्कवाल्यांचा खोळंबा वाढेल ही जी भीति होती ती प्रत्यक्ष मोजणींत जवळजवळ निराधार ठरली. फरक फार तर कांहीं सेकंदांचा पडला, कारण मुख्य वेळ रणभूमीची रचना करण्यांत जात होता, डिस्क वाचण्यांत जात नव्हता. कर्त्यांनीं हें उघडपणें सांगितलें याबद्दल त्यांचें अभिनंदन करणें योग्य आहे. तथापि जी मोजणी दुसऱ्या वर्षाच्या अखेरीस झाली ती पहिल्या दिवशीं कां झाली नाहीं, याचें उत्तर वर येऊन गेलेंच आहे: जागा दुसऱ्याची होती.

येथवर वाचून कोणी असा निष्कर्ष काढील कीं मोठा खेळ तेवढा वाईट व लहान तेवढा चांगला. हा निष्कर्ष चुकीचा होईल. आपल्या टीकावाङ्मयांत विस्तार व पाल्हाळ यांत जो भेद केला जातो तो येथेंही केला पाहिजे. २०२३ सालीं बेल्जममधील लारियन मंडळीनें काढलेला 'बाल्डर्स गेट ३' हा खेळ दीडशें गिगाबाइट जागा मागतो. परंतु ती जागा कशासाठीं लागते हें पाहिलें म्हणजे तक्रार करवत नाहीं. त्यांत नायकानें एखाद्या कैद्यास सोडलें तर एक संवाद, मारलें तर दुसरा, त्याच्याशीं खोटें बोलला व तें उघडकीस आलें तर तिसरा. आणि हे सर्व संवाद नटांनीं बोललेले, मुद्रेसह अभिनित केलेले आहेत. एका वेळच्या खेळांत यांतला पुष्कळसा भाग खेळणाऱ्याच्या दृष्टीसही पडत नाहीं. तो निरर्थक मात्र नाहीं. न घेतलेल्या वाटाही खऱ्याच होत्या, ही जाणीव असल्यामुळेंच घेतलेल्या वाटेला वजन येतें. निवड खरी वाटावी यासाठीं न निवडलेलें कोठें तरी अस्तित्वांत असावें लागतें, आणि ती किंमत या खेळानें प्रामाणिकपणें भरली आहे. हा विस्तार होय.

याच्या उलट २०१९ सालचा 'कॉल ऑफ ड्यूटी: मॉडर्न वॉरफेअर' घ्या. प्रसिद्धीच्या वेळींच संगणकासाठीं त्यानें १७५ गिगाबाइट जागा राखण्यास सांगितलें होतें. पुढच्या वर्षभरांत नव्या नव्या भरीनें तो दोनशेंच्या पलीकडे गेला. ओरड झाली, तेव्हां २०२० सालीं कर्त्यांनीं अशी सोय केली कीं, एकट्यानें खेळावयाची कथा, अनेकांनीं मिळून खेळावयाचीं युद्धें व सहकार्याच्या मोहिमा हे भाग वेगवेगळे काढून टाकतां यावे. ग्राहकाच्या दृष्टीनें ही सोय स्तुत्य आहे, व असे अवाढव्य खेळ काढणाऱ्या प्रत्येकानें ती द्यावी. टीकेच्या दृष्टीनें मात्र तींत त्या कृतीचें निदानही झालें आहे. ज्या कादंबरीचे दोन खंड काढून तिसरा तेवढा ठेवला तरी तिसऱ्याच्या वाचकाला कांहीं उणें वाटत नाहीं, ती एक कादंबरी नसून एकाच पुठ्ठ्यांत बांधलेलीं तीन पुस्तकें होत. त्यांतलें हवें तें ठेवून नको तें काढण्यांत कोणाचाही अपमान नाहीं.

आतां आकार बाजूस ठेवून दुसरा प्रश्न विचारूं: खेळ संपतो काय? २०१८ सालीं ल्यूकस पोप यांनीं काढलेला 'रिटर्न ऑफ दि ओब्रा डिन' हा सुमारें दोन गिगाबाइटांचा, केवळ दोन रंगांत काढलेला खेळ आहे. ईस्ट इंडिया कंपनीचें एक हरवलेलें जहाज १८०७ सालीं निर्मनुष्य परत येतें, आणि विम्याच्या चौकशीसाठीं गेलेल्या अधिकाऱ्यानें जहाजावरील साठ माणसांपैकीं प्रत्येकाचें नांव व गति शोधून नोंदवहींत लिहावयाची असते. कोणाच्या बोलण्याचा ढंग, कोणाची टोपी, कोणाची निजण्याची झोळी, अशा बारीक खुणांवरून नांवें जुळत जातात. साठावें नांव लिहून झालें कीं खेळ संपतो आणि तो पुन्हां त्याच आनंदानें खेळतां येत नाहीं, कारण जें कळलें तें न कळल्यासारखें करतां येत नाहीं. असा खेळ संगणकावरून काढून टाकण्यांत त्याचा पूर्ण गौरव आहे. त्याचें काम झालें, आणि तो डिस्कवरून उठून स्मरणांत जाऊन बसला. असे खेळ धरून ठेवणारा मनुष्य रसिक कमी व संग्राहक अधिक असतो.

परंतु आज पुष्कळ मोठे खेळ संपूं नयेत अशाच बेतानें रचले जातात. दर कांहीं आठवड्यांनीं नवा हंगाम, नवें बक्षीस, आज न आल्यास हुकणारी नवी संधि, अशी त्यांची योजना असते. ते डिस्कवरील जागेपेक्षां दिवसांतील जागा अधिक खातात. येथें कोणी 'स्टारड्यू व्हॅली'चें उदाहरण देऊन विचारील कीं, तोही संपत नाहीं, त्याचें काय? एरिक बॅरोन या एकट्या गृहस्थानें चार वर्षांहून अधिक काळ खपून २०१६ सालीं प्रसिद्ध केलेला तो शेतीचा खेळ अवघी ५०० मेगाबाइट जागा मागतो, व त्यांत माणसें शेंकडों तास घालवितात हें खरें आहे. पण तेथें खेळणारा चार महिने आला नाहीं तर त्याचें शेत जसेंच्या तसें त्याची वाट पाहत असतें. न येण्याचा दंड त्यास भरावा लागत नाहीं. सोडून गेलेल्यास जो खेळ शिक्षा करतो तो यादींत कितव्याही क्रमांकावर असो, त्याला प्रथम काढावें. आकाराचा क्रम लावून बसणाऱ्या पालकांनीं हा क्रम आधीं लावून पाहावा अशी आमची सूचना आहे.

तिसरा प्रश्न सर्वांत महत्त्वाचा, आणि नेमका तोच बहुधा कोणी विचारीत नाहीं: काढलेला खेळ परत मिळेल काय? २००३ सालीं सुरू झालेल्या 'स्टीम'सारख्या दुकानांमुळें अशी समजूत रूढ झाली आहे कीं, एकदां विकत घेतलेला खेळ दुकानाच्या कोठारांत सुरक्षित आहे. आज काढला तर उद्यां पुन्हां उतरवून घेतां येईल. सामान्यतः तें खरेंही आहे, व याच भरंवशावर आपण इतक्या निश्चिंतपणें कळ दाबतों. पण या भरंवशाखालीं जमीन किती भुसभुशीत आहे याचे दाखले थोडे नाहींत. ऑगस्ट २०१४ मध्यें हिदेओ कोजिमा यांनीं कोनामी कंपनीसाठीं केलेला 'पी. टी.' हा छोटा भयखेळ प्लेस्टेशनच्या दुकानांत फुकट मिळूं लागला. एकच वांकडा बोळ, त्यांतून पुन्हां पुन्हां जावयाचें, आणि दर फेरींत कांहीं तरी किंचित् बदललेलें, एवढीच त्याची सामग्री. पण भयरसाच्या खेळांवर त्याचा ठसा खोल उमटला. ज्या मोठ्या खेळाची ती नांदी होती तो रद्द झाला, एप्रिल २०१५ मध्यें 'पी. टी.' दुकानांतून काढला गेला, आणि पुढें ज्यांनीं पूर्वीं तो घेतला होता त्यांनाही पुन्हां उतरवून घेतां येईना. ज्या यंत्रावर तो राहिला होता तें यंत्र लोक भारी किंमतीस विकूं लागले. तेव्हां जागा करण्यासाठीं ज्यानें तो नकळत काढला, त्यानें आपल्यापुरता त्या कृतीचा शेवट केला.

'दि क्रू' या २०१४ सालच्या मोटारशर्यतीच्या खेळाची कथा याहूनही वाईट. यूबिसॉफ्ट कंपनीनें ३१ मार्च २०२४ रोजीं त्याचे सर्व्हर बंद केले, आणि ज्यांच्या डिस्कवर तो संपूर्ण बसविलेला होता त्यांच्या हातींही निरुपयोगी फाइलींचा ढीग तेवढा राहिला. येथें ग्राहकानें कांहींच काढलें नव्हतें. छाटणी दुसऱ्यानें केली, व ग्राहकाची जागा मात्र तशीच अडलेली राहिली. कॅलिफोर्निया राज्यानें २०२४ सालीं कायदा केला कीं, असा माल विकतांना ग्राहकास मालकी मिळत नसून परवाना मिळतो हें विक्रेत्यानें स्पष्ट सांगावें. कायद्यानें खरें बोलणें भाग पाडलें, एवढीच त्याची मर्यादा. परवान्याची मालकी झाली नाहीं. अशा स्थितींत 'हातचें सोडून पळत्याच्या पाठीं' ही म्हण उलटी फिरवून लक्षांत ठेवावी: हातचा खेळ सोडण्यापूर्वीं तो पळता तर होणार नाहीं ना, हें पाहून घ्यावें. जो दुकानांत सुखानें नांदतो आहे तो दोनशें गिगाबाइटांचा असला तरी खुशाल काढावा. जो दुकानांतून उठला आहे तो माळ्यावरच्या जुन्या तांब्याच्या हंड्याप्रमाणें, रोज उपयोगास येत नसला तरी, ठेवावा, किंवा वेगळ्या डिस्कवर नेऊन जपावा.

आतां कुटुंबांत ज्यावरून खरी भांडणें होतात त्या गोष्टीकडे वळूं. खेळ निराळा आणि खेळणाऱ्यानें त्यांत केलेलें काम निराळें. दीडशें गिगाबाइटांचा खेळ कोट्यवधि लोकांपाशीं अक्षरशः सारखा असतो. पण खेळणारा कोठवर आला, त्यानें काय मिळविलें, काय बांधलें, याची नोंद ठेवणारी फाइल पुष्कळदां खेळाच्या मानानें अगदींच चिमुकली असते व ती जगांत त्याच्याच एकट्यापाशीं असते. छापील पुस्तक व समासांतल्या स्वतःच्या टिपा यांत जो फरक, तोच हा. 'माइनक्राफ्ट' या खेळांत मुलें महिनोन्‌महिने खपून गांवें, पूल व किल्ले रचतात. खेळ पुन्हां उतरवून घेणें घटकेचें काम आहे. पण मोबाइलवर तो काढला तर सहसा त्याबरोबर तें रचलेलें जगही जातें, आणि तें कोणत्याही दुकानांत मिळत नाहीं. संगणकावर अशा नोंदी कांहीं वेळां निराळ्या फोल्डरांत मागें राहतात, कांहीं वेळां दुकानाच्या सर्व्हरवर जतन होतात, व कांहीं वेळां खेळाबरोबर नाहींशा होतात; प्रत्येक खेळाची तऱ्हा वेगळी. म्हणून ती फाइल आधीं शोधून निराळी ठेवावी, आणि ती कोणाची आहे त्यास विचारल्यावांचून कळ दाबूं नये. मुलाच्या वहींतलीं चित्रें रद्दींत घालण्यापूर्वीं जो पालक क्षणभर थांबतो, त्यानें येथेंही तितकेंच थांबणें न्यायाचें आहे. मूल रडतें तें खेळ गेला म्हणून नव्हे. त्यानें केलेलें काम कोणास कामच वाटलें नाहीं, हें त्यास लागतें.

पुसून टाकण्याचें हें वजन स्वतः खेळ रचणाऱ्यांनींही ओळखलें आहे, व त्यांतल्या कांहींनीं त्यालाच आपल्या कृतीचा विषय केलें आहे. झॅक गेज यांच्या २००९ सालच्या 'लूझ/लूझ' या खेळांत प्रत्येक शत्रु हा खेळणाऱ्याच्या संगणकावरील एकेका खऱ्या फाइलीचा प्रतिनिधि असतो. शत्रु मारला कीं ती फाइल खरोखरच नष्ट होते, आणि नायक मेला तर खेळ स्वतःस पुसून टाकतो. कल्पना तीव्र आहे. पण ती एकदां कळल्यावर खेळण्याची गरज उरत नाहीं, हा तिचा दोष. २०१७ सालचा 'डोकी डोकी लिटरेचर क्लब' हा शाळेंतील एका साहित्यमंडळाचा खेळ याहून सूक्ष्म आहे. त्यांतील प्रत्येक मुलीच्या नांवाची एक फाइल खेळाच्या फोल्डरांत ठेवलेली असते, आणि एका टप्प्यावर खेळणाऱ्यास खेळाबाहेर येऊन त्यांतली एक फाइल आपल्या हातानें काढून टाकावी लागते. कोणती तें सांगून रसभंग करीत नाहीं. रोज निष्काळजीपणें केली जाणारी क्रिया तेथें हात अडखळावा इतकी जड होते.

या तिहींत श्रेष्ठ कृति योको तारो यांचा 'नियर: ऑटोमाटा'. हाही २०१७ सालचाच. त्याच्या अगदीं शेवटीं एक प्रसंग असा येतो कीं, एकट्यानें तो पार पाडणें जवळजवळ अशक्य. वारंवार हरल्यावर जगांतल्या कोठल्या तरी अनोळखी खेळणाऱ्यांची मदत येऊन पोंचते व मार्ग मोकळा होतो. मग खेळ विचारतो: तुम्हीही अशाच एखाद्या अनोळखी माणसास मदत कराल काय? केल्यास आपली आजवरची सारी नोंद कायमची पुसली जाईल. ज्यानें चाळीस-पन्नास तास घालविले आहेत त्यास हा प्रश्न सोपा नसतो. 'होय' म्हटल्यावर एकेक पान डोळ्यांदेखत पुसलें जातें. त्यानें डिस्कवर मोकळी होणारी जागा अगदींच नगण्य. पण तेवढ्या लहान फाइलींत काय होतें हें खेळणाऱ्यास त्या क्षणीं जितकें कळतें तितकें दुसऱ्या कशानेंही कळलें नसतें. देण्याजोगें आपल्यापाशीं कांहीं होतें, हें देतांनाच त्यास समजतें.

सारांश, डिस्क भरली असतां आकारानें लावलेली यादी ही केवळ तक्रारीची यादी समजावी, निकालाची समजूं नये. खेळानें घेतलेली जागा त्यांतल्या अर्थासाठीं आहे कीं नकलांसाठीं. तो संपूं देतो कीं धरून ठेवतो. गेला तर परत येईल काय. आणि त्यांत कोणाचें काम शिल्लक आहे, हे चार प्रश्न विचारावे. त्यांतून बहुधा असें निघेल कीं, यादीच्या माथ्यावरचे दोन-तीन खेळ नि:शंकपणें जाऊं शकतात, आणि तळाशीं असलेली कांहीं किलोबाइटांची एखादी फाइल कधींही जातां कामा नये. खेळ रचणाऱ्यांस मागणें एवढेंच कीं, त्यांनीं आपल्या ट्रंका एकदां आपल्याच घरीं उघडून पाहाव्या. १३१ गिगाबाइट एका आवृत्तींत कमी होऊं शकतात हें आतां सिद्ध झालें आहे. तेव्हां यापुढें 'इलाज नाहीं' ही सबब कोणी सांगूं नये, व सांगितल्यास ग्राहकानें ती ऐकून घेऊं नये.